सरकारी ऑफिसं बघायला साडेपाच हजार

हे वाक्य माझं नाही, आमच्या ह्यांचं आहे. जानेवारीत अहमदाबादला वन्संच्या नातवाचं बारसं होतं, ते रविवारी झालं आणि परतीची गाडी बुधवारची, म्हणजे मधे दोन दिवस मोकळे. अडालजची वाव (पायऱ्यांची विहीर) दोनदा बघून झालीये, पोळांमधला, म्हणजे जुन्या शहरातल्या गल्ल्यांमधला, महापालिकेचा सकाळचा हेरिटेज वॉक मागच्या खेपेला केला होता (काळुपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून निघतो, चांगला असतो, जरूर करा) आणि खरेदी म्हणाल तर माझ्या कपाटाचं दार आताच लागत नाही. म्हणून मी साडेपाच हजारांत एक प्रायव्हेट गाइड ठरवली. आम्ही दोघंच, साधारण पाच तास, विषय एकच, स्वातंत्र्यानंतर तिथे बांधलेल्या मॉडर्न इमारती. ह्यांना आदल्या रात्री जेवताना सांगितलं तेव्हा घास हातातच राहिला. "अगं, काँक्रीटच बघायचं होतं तर मी फुकट दाखवलं असतं की! एकतीस वर्षं तेच केलंय." खरंय ते, ह्यांचं अख्खं आयुष्य साइटवर सेंटरिंग (काँक्रीट ओतायचा साचा), सळया आणि सिमेंटच्या गोण्या मोजण्यात गेलं. वन्सं पण हसल्या, म्हणाल्या त्या ऑफिसांसमोरून मी चाळीस वर्षं रिक्षाने जातेय, त्यात काय बघायचं असतं.

आता माझं मत सांगते, पटलं तर बघा. किल्ल्यावर गाइड नसला तरी निभतं. बुरूज दिसला की कळतं इथून तोफ डागत असतील, देवळात गेलं की हात आपोआप जोडले जातात. पण उघड्या काँक्रीटची चौकोनी इमारत समोर आली की आपला डोळा तिच्यावरून घसरतो, कारण आपण जन्मभर त्यातच राहतोय, त्यातच रांगा लावल्यात, त्यातच शिक्के मारून घेतलेत. तिथे थांबवायला माणूस लागतो. आणि तो पण आपल्या दोघांपुरता, कारण मागे एका टूर कंपनीबरोबर (नाव नको) चंदीगडला गेलो होतो, पन्नास जणांची बस, त्यांनी कॅपिटॉल कॉम्प्लेक्सकडे (विधानसभा, हायकोर्ट, सचिवालय) लांबून नुसता हात दाखवला आणि रॉक गार्डनला दोन तास दिले. ज्या कॉम्प्लेक्सला २०१६ साली युनेस्कोने जागतिक वारशात घेतलं ते आम्ही बसच्या काचेतून पाहिलं, तेही पडदा कुणी सरकवायचा यावर मागच्या सीटवाल्या काकूंशी वाद घालत.

तर मंगळवारी सकाळी साडेआठला पालडी. गाइड म्हणजे अठ्ठावीस-तीसची मुलगी, तिथेच आर्किटेक्चर शिकलेली, अंकल-आंटी म्हणणारी, पाठीवर सॅक, सॅकमध्ये नकाशांची फाइल. सुरुवात संस्कार केंद्रापासून, ल कॉर्बुझिए या जगप्रसिद्ध फ्रेंच-स्विस आर्किटेक्टची १९५४ची इमारत, शहराचं म्युझियम. आत जाता आलं नाही, बाहेरूनच. खाली नुसते खांब आणि वर विटांचा प्रचंड बंद डबा. तिने गच्चीचं चित्र दाखवलं, वर पाण्याचे हौद आणि त्यात झाडं अशी मूळ योजना होती म्हणे, उन्हाळ्यात खालचं छत गार राहावं म्हणून. हे लगेच, "आणि गळती?" ती म्हणाली अंकल, तेच सगळे विचारतात. शेजारीच टागोर हॉल, आर्किटेक्ट बाळकृष्ण दोशींचा, साठच्या दशकातला. त्याच्या काँक्रीटच्या भिंती कागदाला घड्या घालाव्यात तशा घातलेल्या आहेत. का, तर कागद सपाट उभा राहत नाही, घडी घातली की राहतो. हे तिने फाइलमधला एक कोरा कागद काढून, पंख्यासारख्या घड्या घालून रस्त्यावर करून दाखवलं. हे इंजिनिअर महेंद्र राज यांचं काम, ज्यांनी दिल्लीच्या प्रगती मैदानातला हॉल ऑफ नेशन्स उभा केला होता. होता म्हणायचं, कारण तो २०१७ साली पाडला.

मग चहा. टपरीवर उभं राहून तिने जे सांगितलं ते मला सगळ्यात आवडलं. कॉर्बुझिए भारतात आला तो चंदीगडसाठी, १९५१मध्ये, सरकारी बोलावण्यावरून. पण अहमदाबादला त्याला बोलावलं ते गिरणीवाल्या शेठ लोकांनी, स्वतःच्या पैशाने. साराभाई, हठीसिंग, लालभाई ही घराणी. कापडाच्या पैशातून यांनी घरं बांधली, म्युझियम, संशोधन संस्था, कॉलेजं उभी केली, आणि त्यातल्या काही कामांसाठी जगातला सगळ्यात अवघड, भांडकुदळ म्हणून प्रसिद्ध असलेला माणूस गाठला. मला सारखं आमचं गिरणगाव आठवत होतं. माझे मामा लालबागचे, १९८२च्या संपात घरी बसले ते बसलेच. आपल्याकडच्या गिरण्यांच्या पैशाचं काय झालं, त्या जागेवर काय उभं राहिलं ते लोअर परळच्या पुलावरून दिसतंच. अहमदाबादच्या गिरण्याही बंदच पडल्या, कामगारांचे हाल तिथेही झाले, त्यामुळे शेठ लोकांना फार डोक्यावर घ्यायचं कारण नाही, पण निदान मागे काहीतरी बघायला ठेवलं.

इथून पुढे वॉकिंग टूर हे नाव सोडून द्या. अहमदाबाद हे काही चालायचं शहर नव्हे, रिक्षाच करावी लागली, आणि आश्रम रोडवर उतरलो ते गिरणीमालक संघाच्या इमारतीसमोर. कॉर्बुझिएचीच, १९५४ला पुरी झालेली. आम्ही तिथे सव्वा तास होतो.

आधी तिने आत नेलंच नाही. रस्त्याच्या बाजूला, म्हणजे पश्चिमेला, उभं केलं आणि म्हणाली आता डावीकडून उजवीकडे हळू चाला. पूर्ण दर्शनी भाग काँक्रीटच्या उभ्या तिरक्या फळ्यांचा आहे. एका बाजूने बघितलं तर इमारत बंद, एखाद्याने तोंड फिरवावं तशी. चार पावलं पुढे गेलं की फटी उघडायला लागतात, आतली झाडं दिसतात, मागचं आकाश दिसतं. पश्चिमेचं ऊन अडवायचं पण वारा आत घ्यायचा म्हणून तो तिरकेपणा. मागच्या बाजूला, नदीकडे, फळ्या सरळ आहेत, तिरक्या नाहीत, आणि उत्तर-दक्षिणेच्या भिंती जवळजवळ कोऱ्या, विटांच्या. म्हणजे चार बाजूंना तीन वेगळी उत्तरं, सूर्य बघून दिलेली. ती याला फ्रेंचमध्ये ब्रीझ सोले म्हणत होती. हे म्हणाले, "म्हणजे उभा छज्जा." ती हसली आणि आपल्या वहीत लिहून घेतलं. एका फटीत उत्तरायणाचा लाल पतंग अडकला होता, मांजा वाऱ्यावर हलत होता.

मग तो लांब उतार, रॅम्प, रस्त्यापासून थेट पहिल्या मजल्यावर जाणारा. आम्ही तो तीनदा चढलो. वरच्या लॉबीला दारंच नाहीत, बाहेरून आत कधी आलो ते कळत नाही, फक्त मानेवरचा घाम सुकतो. नदीच्या बाजूला उभं राहिलं की समोर साबरमती. पूर्वी तिथे वाळवंटात कापड धुऊन वाळत घालायचे, गाई-म्हशी पाण्यात बसलेल्या असायच्या, आणि शेठ लोकांना आपला धंदा असा वरून दिसायचा. आता तिथे रिव्हरफ्रंटचा बांधीव काठ, जॉगिंग ट्रॅक. वरच्या मजल्यावर सभागृह आहे, त्याच्या भिंती गोल फिरतात, आतून लाकूड लावलंय, आणि बाहेरचा सगळा चौकोनी कडकपणा तिथे एकदम मऊ होतो.

पण खरी गंमत ह्यांची. हे गप्पच झाले होते. एका फळीजवळ जाऊन चष्मा वर करून त्यांनी काँक्रीटवरून तळहात फिरवला, मग बोटाने वर मोजत गेले. सेंटरिंगच्या लाकडी फळ्यांच्या खुणा त्यात तशाच आहेत, लाकडाच्या रेषा, दोन फळ्यांमधून निथळलेल्या सिमेंटच्या बारीक कडा. आपण त्यावर गिलावा करून झाकतो, इथे मुद्दाम ठेवलंय. एका ठिकाणी जरा पोकळ, खडी उघडी पडलेली दिसली तर म्हणाले, "इथे कुटलं नाही नीट. माझ्या साइटवर असतं तर मी तोडायला लावलं असतं." मग थोड्या वेळाने, "पण सत्तर वर्षं उभं आहे." मुलगी गप्प, मी गप्प. त्यानंतर पाच तास संपेपर्यंत माझ्या गाइडचा ताबा ह्यांनी घेतला आणि मी मागून पाण्याची बाटली धरून.

आयआयएम तिने आधी परवानगी काढून ठेवली होती म्हणून आत जाता आलं. अमेरिकन आर्किटेक्ट लुई कानच्या विटांच्या कमानी फोटोत सगळ्यांनी पाहिल्यात, पण प्रत्यक्षात त्या कमानीखालच्या काँक्रीटच्या आडव्या पट्टीजवळ उभं राहिलं की कळतं ती शोभेची नाही, कमान दोन्हीकडे फाकायला बघते, पट्टी तिला धरून ठेवते. वीट दाबाला खंबीर, ताणाला काँक्रीटमधली सळई. हे ह्यांनी मला समजावलं आणि गाइडने मान डोलावली, म्हणजे बरोबर असणार. कान १९७४ साली अहमदाबादहून परत जाताना न्यूयॉर्कच्या स्टेशनवर वारला. मग पुढचं काम कोणी केलं? अनंत राजे! मुंबईचे, जेजेचे, कानच्या फिलाडेल्फियाच्या ऑफिसात काम केलेले. मला हे नाव माहीतच नव्हतं. आणि मग एकेक निघत गेलं. दोशी जन्माने पुण्याचे, १९२७चे, शिकले जेजेत, प्रिट्झकर, म्हणजे आर्किटेक्चरचं सगळ्यात मोठं पारितोषिक, मिळालेले पहिले भारतीय, २०१८. जवळच अटिरा, कापड संशोधनाची संस्था, ती अच्युत कानविंद्यांनी बांधलेली, आणि कानविंदे कुठले तर मालवणजवळच्या आचऱ्याचे! हार्वर्डला ग्रोपियससारख्या नामवंत जर्मन आर्किटेक्टच्या हाताखाली शिकून आलेला आचऱ्याचा माणूस. माझं माहेर तिथून दोन तासांवर, लहानपणी रामेश्वराच्या देवळात किती वेळा गेलोय, आणि हे मला साठीला टेकल्यावर एका गुजराती मुलीने सांगावं? मला राग आला, कोणावर ते कळेना.

सगळंच छान छान होतं असं नाही. मुलगी कॉर्बुझिएबद्दल बोलताना जरा भजनात गेल्यासारखी बोलते. काँक्रीट मे महिन्यात काय तापत असेल, पाणी मुरलं की आतली सळई गंजून फुगते, या गोष्टी ह्यांनी विचारल्यावरच निघाल्या. आयआयएमने २०२०च्या डिसेंबरमध्ये कानची अठरापैकी चौदा वसतिगृहं पाडायचं ठरवलं होतं, जगभरातून आरडाओरडा झाल्यावर तेव्हा मागे घेतलं, २०२२मध्ये विषय पुन्हा निघाला. ती अर्थातच पाडायच्या विरोधात. हे म्हणाले, विटा झिजल्या असतील तर तिथे झोपणाऱ्या पोरांचा जीव आधी. ती म्हणाली, अंकल, याच आवारातली लायब्ररी मुंबईच्या आर्किटेक्ट बृंदा सोमाया यांनी दुरुस्त करून दाखवली की, २०१९ला युनेस्कोचं पारितोषिक पण मिळालं. हे गप्प. घासाघीस बरोबरीत सुटली. माझं मत तिच्या बाजूने, पण मी पडले बघणारी, मला तिथे झोपायचं नाहीये.

संध्याकाळी दोशी आणि चित्रकार हुसेनची गुफा बघायला आमचे आम्ही गेलो, गाइड नव्हती. जमिनीखाली, वर फुटक्या फरशीच्या तुकड्यांनी मढवलेले घुमट. आत पोरं सेल्फी काढत होती, आम्ही पण काढले, वीस मिनिटांत बाहेर. नंतर घरी येऊन वाचलं की ते कवच फक्त एक इंच जाडीचं आहे, आणि हे तिथे कोणी सांगायला असतं तर आम्ही वीस मिनिटांत निघालो असतो का?

वन्संनी रात्री विचारलं, मग, वसूल झाले का साडेपाच हजार? ह्यांनी ताटातली बटाट्याची भाजी बाजूला सरकवली, दोन पापड तिरके उभे केले आणि सूर्य म्हणून वाटी ठेवली. पापड उभे राहीनात. भाऊजींनी एक धरला.

ह्यांचा अजून एकच प्रश्न शिल्लक आहे, रोज सकाळी पेपर वाचताना निघतो. त्या तिरक्या फळ्यांच्या अरुंद फटीतून आतल्या बाजूचं सेंटरिंग काढलं कसं? इथे कोणी त्या कामातलं असेल तर सांगा बाई, घरात शांतता होईल.