पोच घ्यायला विसरू नका

गेल्या सोमवारी तहसील कार्यालयात, गोदावरीतला बेकायदा वाळूउपसा थांबवा या माझ्या अर्जाचं काय झालं ते विचारायला गेलो. टेबलामागच्या भाऊसाहेबांनी चष्मा कपाळावर चढवून विचारलं, "कुठला अर्ज?" त्या अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय घ्या, असं उच्च न्यायालयानं सांगून तेव्हा अकरा आठवडे झाले होते. तेव्हा गोदाकाठच्या समस्त वाळूपीडितांसाठी अनुभवाचे चार बोल.

रात्री पात्रात वाळू उपसणारा पोकलेन दिसला की लगेच तहसीलला फोन करा. तुम्ही फोन खाली ठेवायच्या आत तुमचं नाव वाळू वाहणाऱ्या हायवा ट्रकवाल्याला कळलेलं असतं. इतकी तत्परता दुसऱ्या कुठल्या कामात पाहायला मिळणार नाही.

अर्ज तीन प्रतींत द्या. पोच घ्या. शिक्का पुसट आला तरी कुरकुरू नका.

कायदे पाठ करून जा. जमीन महसूल संहितेच्या कलम 48 मध्ये विनापरवाना उपशाला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड आहे, गाडी जप्त करता येते. 2005 च्या दप्तर दिरंगाईच्या कायद्यात तर साधारणपणे फाइल सात कामाच्या दिवसांच्या वर अडकवू नये असं लिहिलंय. मी ते वाचूनही दाखवलं. यात 'दिवस' नव्हे, 'कामाचे' हा शब्द महत्त्वाचा आहे, हे तिथं गेल्यावर उमगतं.

पंचनाम्याची घाई करू नका. जायकवाडीतून पाणी सुटू द्या, मग तो होतोच. 'घटनास्थळी पाणी असल्याने उत्खनन दिसून आले नाही.'

हरित न्यायाधिकरणात, म्हणजे पर्यावरणाच्या खास न्यायालयात जायचं तर पुणं गाठा, आणि सहा महिन्यांत गाठा. उशिराचं सबळ कारण दाखवलंत तर वर साठ दिवस. मुदत मोजायची ती तक्रारीचं कारण पहिल्यांदा घडलं तेव्हापासून. साहेबांच्या उत्तराची तुम्ही किती वाट पाहिली, त्यावरून नव्हे. दिरंगाई त्यांची, मुदतबाह्य तुम्ही!

आता रामबाण. राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट करा आणि परमादेश मागा, म्हणजे न्यायालय अधिकाऱ्याला सांगतं, तुझं काम कर. वकिलांची फी, टायपिंग, फोटोंचे रंगीत प्रिंट, पहाटेच्या एसटीनं संभाजीनगरच्या चकरा. पहिल्या तारखेला सरकारी वकील सूचना घ्यायला वेळ मागतात. दुसऱ्या तारखेलाही मागतात, बहुतेक सूचना बैलगाडीनं येत असाव्यात. मग एके दिवशी आदेश होतो: अर्जावर गुणवत्तेनुसार आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा. तुम्ही पेढे वाटता. इथंच चुकता. आठ आठवडे त्यांना मिळाले, नदीला नव्हे. उपसा थांबवा असं आदेशात नाही, हे भाऊसाहेबांच्या आधी हायवावाल्यांना कळतं. मग काय, जेवढी मुदत तेवढ्या खेपा! प्रमाणित प्रत दिली की ती वर जाते, मार्गदर्शन मागवलं जातं, मंडळ अधिकाऱ्याकडून अहवाल, त्याच्याकडून तलाठ्याकडे, तलाठी निवडणुकीच्या कामाला. आदेश पाळला नाही म्हणून अवमान याचिका टाकावी? टाका, वर्षाच्या आत टाका. वकील सांगतात, नोटीस निघाली की दोन दिवसांत निर्णय हातात पडेल: 'स्थळपाहणीत वाळूसाठा आढळून आला नाही, सबब अर्ज निकाली.' निर्णय झाला, म्हणजे अवमान संपला. निर्णय चुकीचा वाटतो? नवी रिट करा.

वाळू कशी आढळेल? नेली ना सगळी!

भाऊसाहेब, चष्मा खाली घ्या आणि ऐका. जीव मुठीत धरून रात्री गाड्या अडवणारे तलाठीही मी पाहिलेत, त्यांच्याबद्दल हे नाही. हे तुमच्याबद्दल आहे. तुमच्या टेबलावर फाइल पडून राहणं हाच वाळूवाल्यांचा परवाना आहे, आणि तुम्हाला ते पक्कं ठाऊक आहे. सर्वोच्च न्यायालयानं 2012 मध्येच दीपक कुमार प्रकरणात सांगितलंय की पाच हेक्टरांखालच्या पट्ट्यालाही, म्हणजे उपशासाठी रीतसर दिलेल्या जागेलाही, पर्यावरण मंजुरी लागते. इथं पट्टाच नाही, लिलाव नाही, तरी आमच्या घाटावर खडक उघडा पडलाय. माझी विहीर उन्हाळ्यापर्यंत टिकायची, आता संक्रांतीला तळ दिसतो. आणि न्यायालयालाही हात जोडून विचारतो, आठ आठवडे देताना तोवर उपसा बंद, ही एक ओळ घालायला काय हरकत होती?

गावातल्यांनो, तुम्हीही साव नाही. ट्रॅक्टर कुणाचे लावलेत तिथं?

अर्जाचा आवक क्रमांक पोचेवर आहे, भाऊसाहेब. रजिस्टर उघडा आणि शोधा.