रोझीला नाही झाली कधी अशी शोभा

आज सकाळी साडेआठला मी बनियनवर, अर्धा दिवाणाखाली, छत्रीच्या दांड्याने आमचा झाडूपोछावाला रोबोट बाहेर ओढत होतो. माझा मोजा गिळून बसला होता. वरून बायको म्हणते, "हळू रे, त्याला लागेल!" माझी कंबर तीन दिवस धरलीये, तिच्याबद्दल चकार शब्द नाही.

तेवढ्यात भांडीवाल्या मावशी आल्या आणि सरळ उकिडव्या बसून चौकशीच सुरू केली.

"ह्याला महिन्याला किती, दादा?"

"महिन्याला नाही हो. एकदाच दिले, पंचवीस हजार."

"एवढा ॲडव्हान्स? मी पाच मागितले तर वहिनी दोन दिवस विचार करत होत्या. बरं, कोपरे काढतो?"

"नाही."

"पलंगाखालचं?"

"अडकतो."

"आणि खाडे?"

"चार्जिंग संपलं की मधेच जाऊन बसतो."

"सांगून जातो का?"

"हो, बोलतो तसं."

"मग बरंय," असं म्हणून त्यांनी तो उताणा केला, अंबाड्यातला आकडा काढला आणि ब्रशमधून मोजा सोडवला, मागोमाग केसांचा हा एवढा गुंता. "मोजा तुमचा, पण केस वहिनींचे." मी विजयी मुद्रेने मागे बघितलं तर वहिनी कुकर लावायला गेलेल्या.

लहानपणी केबलवर 'द जेट्सन्स' बघायचो. कार्टून १९६२ चं, गोष्ट २०६२ ची. त्यातली जेन घरकामाची बटणं दाबून दाबून वैतागते म्हणून रोझी नावाची यंत्रमोलकरीण आणते, तीही भाड्याची, जुनं मॉडेल. तर त्या रोझीचा अननसाचा केक खाऊन जेनच्या नवऱ्याचा, जॉर्जचा बॉस खूश होतो आणि ह्याचा पगार वाढतो! आमच्या ह्या थाळीने माझ्यासाठी काय केलं? उलट हा निघायच्या आधी खुर्च्या वर मी ठेवायच्या, वायरी मी गुंडाळायच्या, चपला मी उचलायच्या, म्हणजे मी ह्याचा हमाल, आणि ॲप बायकोच्या फोनमध्ये. त्यातल्या नकाशावर माझ्या टेबलाच्या जागी 'अडथळा' असं आलंय. मी तिथे बसून ऑफिसचं काम करतो हो! बरं, काम झालं की त्याला "दमलास रे?" असं विचारलं जातं. मी बारा वर्षं वाट बघतोय.

मावशी भांडी आटपून निघाल्या, दारात चपला घालता घालता ओरडल्या, "वहिनी, उद्या मी चार्जिंगला!"

बायको हसत सुटली, वर "सांगून तरी गेल्या" म्हणाली. उद्याची भांडी कोणाकडे, ते ॲपमध्ये दिसत नाही, पण घरात सगळ्यांना माहितीये.