पूर्व किनाऱ्याची जमीन ‘मोकळी’ नाही

मुंबईच्या पूर्व किनाऱ्याबद्दलचा एक मजकूर सगळीकडे फिरतोय. १९४४च्या स्फोटात गोदी संपली, आता बंदर बंदच आहे, १८०० एकर जमीन मोकळी पडून आहे, तेव्हा गोदामं पाडा आणि केपटाऊनसारखा किनारा करा, असं त्यात म्हटलंय. किनारा लोकांना मिळायलाच हवा. पण या माहितीवर आराखडा बेतला, तर लोकांच्या हाती काही लागणार नाही.

‘स्फोटात गोदी संपली.’ १४ एप्रिल १९४४ला व्हिक्टोरिया डॉकमध्ये ‘फोर्ट स्टिकीन’ हे जहाज फुटलं. त्या एकाच जहाजात सुमारे १४०० टन दारूगोळा आणि कापसाच्या हजारो गासड्या होत्या. त्यानंतर सुमारे ८००० माणसांनी सात महिने राबून ५ लाख टनांच्या आसपास मलबा उपसला आणि गोद्या पुन्हा चालू केल्या. पुढची कित्येक दशकं शहराचा माल तिथंच उतरत होता.

‘बंदर बंद आहे.’ कंटेनर गेले, बंदर गेलं नाही. उधाणाला इथलं पाणी पाचेक मीटर चढतं-उतरतं. जहाज धक्क्याला एकाच पातळीवर राहावं म्हणून १९१४चा अलेक्झांड्रा डॉक, म्हणजे आजचा इंदिरा डॉक, लॉकगेटचा, म्हणजे दारांनी आतलं पाणी अडवून धरणारा, बांधला. त्या लॉकची, म्हणजे आत शिरायच्या दारांमधल्या वाटेची, लांबी २२८.६ मीटर, रुंदी ३०.५ मीटर. पनामा कालव्याच्या मापाचं जहाज ३२ मीटरहून रुंद, म्हणजे दारातच अडणार. लॉकबाहेर बॅलार्ड पिअर या धक्क्याला कंटेनर उतरत, पण मागे यार्डाला जागा नव्हती. १९८९मध्ये न्हावा-शेवा सुरू झालं आणि तो माल पलीकडे गेला. कंटेनर गेल्याचा दोष गोदी कामगारांच्या संपांना देणारे ३०.५ आणि ३२ या दोन आकड्यांकडे पाहतच नाहीत. आजही बंदराच्या जवाहर द्वीप आणि पीरपाव इथल्या धक्क्यांना तेलाची, रसायनांची जहाजं लागतात. कच्चं तेल समुद्राखालच्या नळांतून माहुलच्या रिफायनऱ्यांत जातं. सगळा माल धरून वर्षाला ६ कोटी टनांहून जास्त होतो.

‘जमीन मोकळी आहे.’ शिवडी-वडाळ्याच्या तेलाच्या टाक्या, कॉटन ग्रीनची गोदामं, दारूखाना या भागातली कामं, भाऊचा धक्का, जुने भाडेपट्टे, त्यांचे पोटभाडेकरू आणि झोपड्या हे सगळं त्या १८०० एकरांतच आहे.

‘पाडा आणि बांधा.’ खरी अडचण जमिनीखाली आहे. यातली बरीचशी जमीन भरावाची आहे. बॅलार्ड इस्टेट तर अलेक्झांड्रा डॉकच्या खोदाईतल्या मातीवर उभी आहे. १८८०मध्ये सुरू झालेला प्रिन्सेस डॉक खोदताना समुद्री चिखलाखाली खैराचं जंगलच सापडलं होतं, कित्येक खोडं मुळांसकट उभी. तो चिखल भरावाच्या वजनानं वर्षानुवर्षं दबत राहतो. खडकापर्यंत पाइल, म्हणजे पायाचे खोल खांब, नेलेली इमारत जागची हलत नाही, भोवतालचा रस्ता खचतो, आणि इमारतीच्या कडेलाच सांडपाण्याच्या नळाचा जोड तुटतो. पाइल घालताना मध्येच जुन्या धक्क्याची दगडी भिंत लागली, तर काम अडतं. म्हणून आधी जुन्या नकाशांवरून भरावाच्या रेषा आखायच्या, मग खडकापर्यंत बोअर घ्यायचे.

माती आणि भूजल, दोन्हींचे नमुने हवेत. दारूखान्यात जहाजं किनाऱ्यावर ओढून कापली गेली. रंगातलं शिसं, इंजिनाचं तेल आणि ॲस्बेस्टॉस त्या कामाबरोबर येतंच. वरची मीटरभर माती बदलून भागत नाही. भरतीबरोबर भरावातलं पाणी वरखाली होतं आणि खालचं तेल नव्या मातीत चढतं. तळघर कोरडं ठेवायला पंप लावले, तर आणखीच ओढलं जातं. पावसाळी नाल्यांची तोंडं भरतीत पाण्याखाली जातात, त्यामुळे दरवाजे, पंप आणि पाणी साठवायला तळी नसतील, तर नवी वस्ती जुलैत तुंबणार.

‘केपटाऊनसारखं करा.’ जरूर, पण तिथं काय केलंय ते पाहून. व्हिक्टोरिया आणि आल्फ्रेड या दोन्ही जुन्या गोद्यांत तिथं पाणी ठेवलंय, मासेमारीच्या बोटी लागतात आणि १८८२ची रॉबिन्सन सुकी गोदी जहाजदुरुस्तीचं काम करतेय. आपण मात्र प्रिन्सेस आणि व्हिक्टोरिया डॉक कंटेनर टर्मिनलच्या यार्डासाठी बुजवले. ठरलेली कंटेनर वाहतूक तिथं उभी राहिलीच नाही. एवढं मोठं, शांत, बांधीव पाणी शहराच्या मध्यभागी पुन्हा कोणी खोदून देणार नाही. इंदिरा डॉक आणि त्यातली ह्यूज सुकी गोदी अजून शाबूत आहे. आराखड्यात त्यांच्या जागी पाणीच दाखवा, आणि गोदीच्या कडेनं चालायला सलग वाट.