मोडला तरी सोडू नका

संसार मोडलाय? दोघं दोन घरांत राहता, बोलणं वकिलांमार्फत चालतं आणि जोडीदार म्हणतोय, "म्युच्युअल करून, म्हणजे दोघांच्या संमतीनं घटस्फोट घेऊन, मोकळे होऊ"? अजिबात ऐकू नका. इतक्या मेहनतीनं मोडलेला संसार असा फुकट घालवतात होय?

हिंदू विवाह कायद्यात १९७६ साली कलम १३-ब घालून सरकारनं मोठी सोय करून ठेवली आहे. वर्षभर वेगळे राहा, मिळून अर्ज करा, सहा महिने थांबा, मग पुन्हा मिळून 'हो' म्हणा. पंखा दोनवर की तीनवर, यावर ज्यांचं कधी जमलं नाही, त्यांचं एकमत कायद्याला दोनदा हवं! पहिल्यांदा सही खुशाल ठोका. पोटगीचा आकडा ठरू द्या, मुलांच्या सुट्ट्या वाटून घ्या, आहेरातला लेमन सेट कुणाचा (सहातले चारच ग्लास उरलेत, तरीही) यावर संमतीपत्रात वेगळा मुद्दा घालायला लावा. आणि दुसऱ्या तारखेला म्हणा, "माझा विचार बदलला." हुकूमनामा होईपर्यंत संमती मागे घेता येते, असं सर्वोच्च न्यायालयानं १९९१ मध्येच सांगून ठेवलंय. फक्त फार सलोख्यानं वागू नका. सगळं मिटलेलं दिसलं तर सहा महिन्यांची अट न्यायाधीश माफही करू शकतात, २०१७ पासून.

"या लग्नात उरलंय काय?" असं जोडीदार विचारेल. विचारू द्या. काही उरलं नाही, हे घटस्फोटाचं कारण या कायद्यात नाहीच. विधी आयोगानं ते घालायला १९७८ मध्ये सुचवलं, २००९ मध्ये पुन्हा सुचवलं. २०१३ मध्ये विधेयक राज्यसभेत मंजूरही झालं, पण लोकसभेची मुदत संपली आणि बारगळलं. तुमच्या हट्टाला एवढा भक्कम आधार दुसरा कुठला मिळणार?

२०२३ मध्ये घटनापीठानं तेवढा घोळ घातला. राज्यघटनेच्या अनुच्छेद १४२ मधला 'पूर्ण न्याय' करण्याचा अधिकार वापरून असं लग्न एकाची ना असली तरी मोडता येईल म्हणे. पण तो अधिकार सर्वोच्च न्यायालयाचा, कौटुंबिक न्यायालयाचा नव्हे. जोडीदाराला दिल्लीचा वकील परवडतो का, तेवढं बघून ठेवा.

समुपदेशकानं खोदून विचारलं, तर "मला नांदायचंय" एवढंच म्हणायचं, जमल्यास डोळे पुसत. "मग आजच बरोबर जा," असं तो म्हणाला, तर मात्र ताबडतोब पुढची तारीख मागून घ्या.