गोळी चालू असताना पाणी बंद का नको? घणसोलीच्या वाचकांच्या प्रतिक्रियेला उत्तर

रक्तातलं कमी झालेलं सोडियम वाढवणाऱ्या टॉल्व्हाप्टान या गोळीवरच्या मागच्या लेखाखाली घणसोलीच्या एका वाचकांनी चांगलीच खरमरीत प्रतिक्रिया लिहिली आहे. तिचा गोषवारा आधी देतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल.

वडील 74 वर्षांचे, वजन साठच्या आसपास. ठाण्यातल्या एका हॉस्पिटलात रक्तातलं सोडियम 119 निघालं, तपासण्यांनंतर एसआयएडीएच (अंगात पाणी धरून ठेवणारं हार्मोन गरज नसताना सुटत राहण्याचा आजार) असं निदान झालं. दोन दिवस पाणी 800 मिलीवर आणलं, तसा कागद खाटेला चिकटवला. तिसऱ्या दिवशी सकाळी आठला टॉल्व्हाप्टान 15 मिलिग्रॅम दिली. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला सोडियम 131. घरचे खूश, पण डॉक्टरांनी पुढची गोळी थांबवली, ग्लुकोजचं सलाइन लावलं आणि भरपूर पाणी पाजायला सांगितलं. आकडा 127 वर उतरला. वाचकांचं म्हणणं असं: आकडा झटपट सुधारला, तरी तुम्ही लोकांना घाबरवता. डॉक्टर पाणी तोडायला सांगतात आणि तुम्ही ‘तहान लागेल तसं पिऊ द्या’ लिहिता. मिठाच्या पाण्याने भागलं असतं तिथे महागड्या गोळीची भलामण करता. आणि एकीकडे 30 दिवसांची मर्यादा सांगता, दुसरीकडे किडनीच्या गाठींना हीच गोळी वर्षानुवर्षं.

पाण्यापासून सुरुवात करतो, कारण तिथे माझ्या लेखात उणीव होती. ‘तहान लागेल तसं पाणी’ हे वाक्य फक्त गोळी सुरू केल्यापासूनच्या पहिल्या 24 तासांसाठी आहे, हे ठळकपणे लिहायला हवं होतं. ते राहिलं. लेखात दुरुस्ती केली आहे.

आता तो नियम कशासाठी, ते पाहू. मूत्रपिंडातल्या शेवटच्या नळ्यांवर व्हॅसोप्रेसिन या पाणी धरून ठेवणाऱ्या हार्मोनचे व्ही-2 रिसेप्टर, म्हणजे हार्मोन येऊन बसण्याच्या जागा, असतात. हार्मोन तिथे बसलं की अ‍ॅक्वापोरिन-2 नावाच्या पाण्याच्या वाटा उघडतात आणि लघवीतलं पाणी परत रक्तात ओढलं जातं. एसआयएडीएचमध्ये गरज नसताना हे हार्मोन सुटत राहतं, पाणी साठतं आणि सोडियम पातळ होतं. टॉल्व्हाप्टान त्या रिसेप्टरची जागा अडवून बसतं. फ्रुसेमाइड या लघवी वाढवणाऱ्या नेहमीच्या औषधाने पाण्याबरोबर मीठही जातं. इथे जातं ते जवळजवळ नुसतं पाणी. गोळीनंतर दोन ते चार तासांत लघवी वाढायला लागते आणि दिवसभरात चार लिटरसुद्धा होऊ शकते.

तुमच्या वडिलांचाच हिशोब मांडू. साठ किलोच्या वयस्कर माणसाच्या अंगात अंदाजे 30 लिटर पाणी. लघवी चार लिटर झाली आणि कागदावर लिहिल्याप्रमाणे 800 मिलीच आत गेलं, तर 3.2 लिटर पाण्याची तूट. 119 गुणिले 30 भागिले 26.8 (30 वजा 3.2), म्हणजे 133. त्याच माणसाने तहानेप्रमाणे दोन लिटर पाणी प्यायलं असतं, तर तूट दोन लिटर आणि आकडा 127 ते 128. हिशोब ढोबळ आहे. लघवीतून थोडं सोडियम जातं, जेवणातूनही पाणी येतं. तरी 119 चं 131 कसं झालं, हे त्यात स्वच्छ दिसतं. तो कागद पाणी तोडण्याच्या उपचाराचा होता. गोळी सुरू झाली त्या सकाळी तो खाटेवरून काढायला हवा होता. रात्री मुलगा, सकाळी लोकल पकडून आलेली सून, दुपारी आणखी कोणी, अशा पाळ्या असल्या की नातेवाईक भिंतीवरच्या कागदावरच चालतात. त्यांचा दोष नाही. पाणी तोडणं आणि टॉल्व्हाप्टान हे दोन वेगळे उपचार आहेत, पहिल्या दिवशी ते एकत्र होऊ देऊ नयेत. मागच्या लेखातली हीच एक गोष्ट मी पुन्हा ठासून सांगेन.

‘आकडा झटपट सुधारला’ यावर मात्र मी सहमत नाही. सोडियम दोन दिवसांहून जास्त काळ कमी राहिलं की मेंदूच्या पेशी फुगू नयेत म्हणून आतले विरघळलेले पदार्थ बाहेर टाकून जुळवून घेतात. मग बाहेरचं सोडियम एकदम वर गेलं, तर त्याच पेशींतून पाणी ओढलं जातं आणि मज्जातंतूंवरच्या मायलिनच्या आवरणाला इजा होते, विशेषतः मेंदूच्या देठातल्या पॉन्स या भागात. बोलणं जड होतं, गिळता येत नाही, हातपाय लुळे पडतात. ही लक्षणं साधारण दोन ते सहा दिवसांनी दिसतात. म्हणून दुसऱ्या सकाळी बाबा ठणठणीत होते, एवढ्यावरून धोका टळला असं मानता येत नाही. गोळीच्या माहितीपत्रकात 24 तासांत 12 मिलीमोलपेक्षा जास्त वाढ धोक्याची म्हटली आहे. दारूची सवय, कुपोषण, लिव्हरचा आजार, पोटॅशियम कमी किंवा सोडियम 105 च्या खाली असेल, तर अनेक मूत्रपिंडतज्ज्ञ 8 लाच थांबतात. तुमच्याकडे 22 तासांतच 12 झाले होते आणि गोळीचा असर उतरायचा होता. तुमच्या डॉक्टरांनी गोळी रोखून पाणी परत दिलं ते अगदी बरोबर केलं. अशा वेळी डेस्मोप्रेसिन हे व्हॅसोप्रेसिनसारखं काम करणारं औषधही देतात, पण रिसेप्टर गोळीने अडवलेले असताना त्याचा जोर कमी पडू शकतो, त्यामुळे तोंडाने पाणी आणि 5 टक्के डेक्स्ट्रोज (ग्लुकोजचं सलाइन) यांवर भिस्त ठेवावी लागते.

या गोळीची सुरुवात घरी करायची नाही, हॉस्पिटलातच करायची, ती याच कारणाने. गोळी सकाळी. पहिल्या दिवशी सोडियम दर 6 तासांनी. युरिन पॉट रिकामं करण्याआधी मावशींना मापून लिहायला सांगायचं. पहिल्या सहा तासांत दीड-दोन लिटर लघवी झाली असेल तर पुढच्या रक्ततपासणीची वाट न पाहता सिस्टरना सांगायचं. प्रोस्टेट वाढलेला असेल तर आधी लघवीची वाट मोकळी आहे ना ते पाहावं लागतं, नाहीतर एवढी लघवी तुंबते. शुद्ध हरपलेल्या किंवा तहानच न कळणाऱ्या रुग्णाला ही गोळी देत नाहीत. आणि आपल्या दमट हवेत हमखास घडणारी गोष्ट: गजकर्णासाठी इट्राकोनॅझोल चालू असतं आणि ते कोणी सांगतच नाही. त्याने टॉल्व्हाप्टानचं रक्तातलं प्रमाण कितीतरी वाढतं. क्लॅरिथ्रोमायसिन या अँटिबायोटिकचंही तेच. उलट टीबीच्या उपचारातलं रिफॅम्पिसिन तिचा असर पार उतरवतं.

मिठाचं पाणी. सोडियम कमी म्हणजे मीठ कमी पडलं, हा समज घरोघरी आहे. लोक लिंबू-सरबत, लोणचं, पापड सुरू करतात. एसआयएडीएचमध्ये अंगातलं मीठ पुरेसं असतं, जास्त झालेलं असतं ते पाणी. एक लिटर नॉर्मल सलाइनमध्ये 308 मिलीऑस्मोल (विरघळलेल्या कणांचं माप) असतात. लघवी लिटरला 600 मिलीऑस्मोलच्या घरात घट्ट असेल तर ते सगळं मीठ मूत्रपिंड अर्ध्या लिटरमध्ये बाहेर टाकतं आणि उरलेलं अर्धा लिटर नुसतं पाणी अंगात राहतं. सलाइन लावूनही सोडियम घसरलं, हे कोडं असं सुटतं. जुलाब-उलट्यांनी अंगातलं पाणी आणि मीठ दोन्ही गेलेलं असेल तर नेमकं उलट: तिथे सलाइनच हवं आणि टॉल्व्हाप्टान घातक. झटके येत असतील किंवा शुद्ध जात असेल तर 3 टक्के सलाइन 100 ते 150 मिली लगेच. तिथेही गोळीला जागा नाही.

गोळीची भलामण मी करत नाही. ब्लडप्रेशरच्या गोळीच्या पट्टीवर हायड्रोक्लोरोथायाझाइड किंवा क्लोरथालिडोन लिहिलेलं आहे का, मनाच्या आजारासाठी एस्सिटॅलोप्राम किंवा फिटसाठी कार्बामाझेपिन चालू आहे का, हे आधी पाहायचं, कारण या औषधांनीही सोडियम उतरतं. थायरॉइड आणि कॉर्टिसॉल तपासायचं. दिवसभर चहा-खारीवर राहणाऱ्या आजींना प्रथिनं द्यायची, कारण पाणी बाहेर न्यायला लघवीत विरघळलेले पदार्थ लागतात. याच तत्त्वावर मिठाच्या गोळ्या फ्रुसेमाइडसोबत किंवा युरिया रोज 15 ते 30 ग्रॅम देतात, म्हणजे मिठाबद्दल तुमचं म्हणणं अगदीच निराधार नाही. एसआयएडीएचमध्ये ही गोळी वापरू नये, असं 2014 च्या युरोपीय मार्गदर्शक सूचना सांगतात. 2013 च्या अमेरिकी तज्ज्ञगटाने तिला पर्याय म्हणून जागा दिली. मतभेद खरे आहेत. पाणी तोडून भागेल का, हे लघवीतल्या सोडियम-पोटॅशियमच्या बेरजेवरून कळतं: ती रक्तातल्या सोडियमपेक्षा जास्त असेल तर नुसतं पाणी तोडून सहसा फरक पडत नाही. तुमच्या वडिलांच्या फाइलमध्ये ही तपासणी असेल तर तिथेच कळेल की गोळीपर्यंत का जावं लागलं.

हृदय कमजोर असणाऱ्यांबद्दल कोणीतरी खाली विचारलं आहे. अशा रुग्णांना हीच गोळी देऊन पाहिलेल्या 2007 च्या एव्हरेस्ट चाचणीत 4133 रुग्ण होते; सुरुवातीला वजन आणि धाप उतरली, आयुष्य वाढलं नाही.

आता 30 दिवसांचं. वंशपरंपरेने येणाऱ्या किडनीच्या गाठींच्या आजारात व्हॅसोप्रेसिन गाठींना वाढायला मदत करतं, म्हणून तिथे दिवसाला 45 अधिक 15 (दोन वेळा विभागून) पासून 90 अधिक 30 मिलिग्रॅमपर्यंत डोस जातो. टेम्पो 3:4 चाचणीत (2012, 1445 रुग्ण) मूत्रपिंडाचा आकार वर्षाला 5.5 ऐवजी 2.8 टक्क्यांनी वाढला. त्याच चाचणीत काही रुग्णांच्या लिव्हरला इजा झाल्याचं दिसलं आणि 2013 मध्ये अमेरिकेच्या एफडीए या औषध नियामक संस्थेने कमी सोडियमसाठीच्या वापराला 30 दिवसांची मर्यादा घातली, लिव्हरच्या रुग्णांना ती टाळायला सांगितलं. गाठींच्या रुग्णांना दुसरा फारसा इलाज नसल्याने तिथे हा धोका पत्करतात, पण पहारा ठेवून: लिव्हरची तपासणी आधी, 2 आणि 4 आठवड्यांनी, मग 18 महिने दरमहा, नंतर दर 3 महिन्यांनी.

शेवटी तुमच्या वडिलांबद्दल. गोळी बुधवारी थांबली आणि तुम्ही शनिवारी लिहिलं, म्हणजे तो दोन ते सहा दिवसांचा काळ अजून संपलेला नाही. बोलताना जीभ जड वाटली, घास अडकायला लागला, चालताना तोल गेला, तर उद्याची ओपीडी न पाहता थेट कॅज्युअल्टीत न्या आणि ‘बावीस तासांत सोडियम 119 वरून 131 झालं होतं’ हे वाक्य पहिल्यांदा सांगा. आणि गोळी सुटली की सोडियम आठवड्याभरात पुन्हा उतरू शकतं, त्यामुळे पाण्याचं बंधन परत कधी आणि किती, हे सोमवारीच डॉक्टरांना विचारा, त्याच दिवशी सोडियम तपासून घ्या. तोवर ‘भरपूर पाणी पाजा’ ही बुधवारची सूचना घरी पुढे चालू ठेवू नका.