डी. वाय. पाटील स्टेडियम आणि पॉल डगडेल : एक खुलासा

नेरूळ-सीवूड्स परिसरातील व्हॉट्सॲप गटांवर सध्या असा मजकूर फिरत आहे, की कोल्डप्ले या ब्रिटिश बँडच्या मैफलीचा चित्रपटगृहांत दाखवला गेलेला संगीतपट ब्रिटिश दिग्दर्शक पॉल डगडेल यांनी आपल्या नवी मुंबईतल्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर चित्रित केला आणि तेथूनच त्यांची कारकीर्द सुरू झाली. ही दोन्ही विधाने चुकीची आहेत.

कोल्डप्लेचे नेरूळचे कार्यक्रम १८, १९ व २१ जानेवारी २०२५ रोजी झाले. तो संगीतपट मात्र त्यापूर्वी दोन वर्षांहून अधिक काळ आधी, ऑक्टोबर २०२२ मध्ये, अर्जेंटिनातील ब्वेनोस आयर्सच्या रिव्हर प्लेट स्टेडियमवर चित्रित झाला. दिग्दर्शन डगडेल यांचेच होते, एवढाच त्या मजकुरातील खरा भाग. २६ जानेवारी २०२५ रोजी याच बँडचा कार्यक्रम ओटीटीवर थेट दाखवला गेला, त्यामुळे गोंधळ वाढला असावा. पण तो कार्यक्रमही अहमदाबादचा होता.

कारकिर्दीविषयी म्हणावे, तर लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमधील गायिका अडेल यांची मैफल डगडेल यांनी २०११ मध्येच चित्रित केली होती, आणि मार्च २०१६ मध्ये क्यूबातील हवाना येथे झालेल्या रोलिंग स्टोन्स या बँडच्या खुल्या मैदानावरील कार्यक्रमाचे चित्रणही त्यांच्याच दिग्दर्शनाखाली झाले. या कामात हुकलेला क्षण पुन्हा मागता येत नाही. म्हणून गाण्यांचा क्रम, प्रकाशयोजना आणि प्रत्येक कॅमेऱ्याची जागा आधीच पक्की करावी लागते, आणि अशी जबाबदारी नवख्या माणसावर सहसा कोणी सोपवत नाही.

नवी मुंबईचा अभिमान आम्हांलाही आहे, परंतु हा मजकूर कृपया पुढे पाठवू नये.