दहा सेकंद श्वास रोखता आला, म्हणून फुफ्फुसात गुठळी नाही?

मोठ्या आईचा डावा गुडघा बदलून एकोणीस दिवस झाले होते. रविवारी दुपारी नागपुरात प्रतापनगरला तिच्याकडे गेले, तर कूलरसमोर दिवाणावर बसून ती मोबाइल बघत होती. मला पाहताच म्हणाली, "वीसपर्यंत श्वास रोखून दाखवला मी. फुफ्फुस एकदम ओके. काहून घाबरून राह्यली तू?" बाथरूमपर्यंत जाऊन आली की तिला धाप लागत होती. घरातले म्हणत होते, ऊन बाधलं असेल, मे महिना आहे. वहिनी स्वयंपाकघरात तिळाचं तेल कोमट करत होती, कारण मोठ्या आईची डावी पोटरी सुजली होती आणि ग्रुपवर आलेल्या एका मेसेजमध्ये तसंच लिहिलं होतं.

तो मेसेज तुमच्याही ग्रुपवर आला असेल. थोडक्यात असा: दहा सेकंद श्वास रोखता आला तर फुफ्फुसाचा रक्तपुरवठा उत्तम. ऑक्सिमीटर ९५ च्या वर असेल तर गुठळी असूच शकत नाही. पोटरी सुजली तर कोमट तेलाने खालून वर जोरात चोळा, गुठळी मोकळी होते. डी-डायमर (गुठळी विरताना रक्तात येणारे तुकडे मोजणारी रक्ततपासणी) हा लॅबवाल्यांचा धंदा. सीटी म्हणजे पाचशे एक्स-रे आणि डायने (रक्तवाहिन्या दिसाव्यात म्हणून शिरेत सोडतात त्या औषधाने) किडनी जाते. रक्त पातळ करायच्या गोळ्या म्हणजे उंदीर मारायचं औषध, त्याऐवजी लसूण, आलं, लिंबाचा काढा घ्या.

मी सीटी टेक्निशियन आहे, अकरा वर्षं कन्सोलवर बसते. एरवी अशा मेसेजना उत्तर देत नाही. पण हा माझ्या घरात शिरला.

आधी तेल, कारण यात माणूस जाऊ शकतो. पायाच्या खोल शिरेत रक्त साकळलं की ती गुठळी सुरुवातीला शिरेच्या भिंतीला धड चिकटलेलीही नसते. तिचा तुकडा सुटला की मांडीतून पोटातल्या मोठ्या शिरेत, तिथून हृदयाच्या उजव्या कप्प्यात आणि तिथून थेट फुफ्फुसाच्या धमनीत जातो. वाटेत त्याला अडवणारी चाळणी कुठेच नाही. पहिली चाळणी म्हणजे फुफ्फुसच. शरीराचं सगळं रक्त, मिनिटाला साधारण ५ लिटर, तिथून जातं. मोठा तुकडा तिथे अडकला तर उजव्या हृदयाला पुढे रक्त ढकलता येत नाही आणि माणूस उभ्या उभ्या कोसळतो. मेसेज सांगतो "खालून वर चोळा", म्हणजे नेमकं हृदयाच्या दिशेने. मालिश केल्यावर गुठळी सुटून फुफ्फुसात गेल्याचे रुग्ण वैद्यकीय नियतकालिकांत नोंदलेले आहेत. हो, गुठळी मोकळी होते. तोच तर धोका आहे.

मी वहिनीच्या हातातून तेलाची वाटी घेतली. शिलाई मशीनच्या खणातला टेप काढून दोन्ही पोटऱ्या मोजल्या. उजवी ३४ सेंटिमीटर, डावी साडेअडतीस. बोटाने दाबलं तर खड्डा पडला आणि तसाच राहिला. नाडी ११२. ऑक्सिमीटर ९६ दाखवत होता.

म्हणजे मेसेजच्या हिशेबाने ती ठणठणीत. ऑक्सिमीटर इतकंच सांगतो की बोटातून जाणाऱ्या रक्तातलं हिमोग्लोबिन किती टक्के ऑक्सिजनने भरलेलं आहे. फुफ्फुसाची कोणती फांदी बंद आहे, हे त्याला कळत नाही. बाकीच्या फांद्या भार उचलतात, माणूस भरभर श्वास घेतो आणि आकडा टिकून राहतो. आकडा खाली आला तर ती धोक्याची खूण आहेच. आकडा चांगला असला म्हणून मात्र गुठळी नाही असं होत नाही. छातीचा साधा एक्स-रेसुद्धा गुठळी असताना स्वच्छ येऊ शकतो, आणि ईसीजीत अनेकदा वाढलेल्या ठोक्यांपलीकडे खास काही दिसत नाही.

श्वास रोखण्याची गोष्ट तर २०२० मध्ये कोरोनाची "घरगुती टेस्ट" म्हणून फिरलीच होती. आता नाव बदलून परत आली. याचं उत्तर मी रोज डोळ्यांनी बघते. फुफ्फुसाच्या धमन्यांची सीटी अँजिओग्राफी करताना कोपराच्या शिरेत व्हेनफ्लॉन, म्हणजे औषध सोडायची बारीक नळी, लावतो, इंजेक्टरने डाय सोडतो आणि स्क्रीनवर फुफ्फुसाच्या मुख्य धमनीवर लक्ष ठेवतो. ती पांढरी व्हायला लागली की मी माइकवर म्हणते, "श्वास रोखा." पुढच्या काही सेकंदांत स्कॅन होतो. डायने सगळ्या फांद्या पांढऱ्या उजळतात आणि गुठळी असेल तिथे राखाडी तुकडा दिसतो. कधी तो दोन्ही मुख्य फांद्यांच्या बेचक्यात खोगिरासारखा टाकलेला असतो. हे चित्र स्पष्ट येतं, कारण त्या माणसाने माझ्या सांगण्यावरून श्वास रोखलेला असतो. धमनीत एवढी गुठळी घेऊन. श्वास रोखणं हे छातीच्या स्नायूंचं आणि मनाचं काम आहे. गुठळी हवेच्या नळीत नसते, रक्ताच्या नळीत असते. हवा आत जाते, पण तिला भेटायला रक्त पोचत नाही.

हीच विसंगती दुसऱ्या एका तपासणीत पकडतात, व्हेंटिलेशन-परफ्यूजन स्कॅनमध्ये. आमच्याकडे सगळे व्ही-क्यू म्हणतात. टेक्नेशियम हा किरणोत्सर्गी पदार्थ लावलेले अल्ब्युमिन या प्रथिनाचे अतिसूक्ष्म कण शिरेतून देतात. ते फुफ्फुसाच्या केशवाहिन्यांच्या तोंडाशी अडकतात. जिथे रक्त पोचतं तिथे चित्र उजळतं, जिथे पोचत नाही तिथे रिकामी जागा राहते. मग हवेचं चित्र काढून शेजारी ठेवतात. हवा आहे, रक्त नाही, असा तुकडा दिसला की संशय पक्का होतो.

आता डी-डायमर. इथे मेसेजमध्ये अर्धं खरं आहे, ते नाइलाजाने मान्य करते. ही तपासणी गरज नसताना केली जाते आणि रिपोर्ट "पॉझिटिव्ह" बघून लोक घाबरतात. ऑपरेशन, गर्भारपण, जंतुसंसर्ग, कॅन्सर, नुसतं वय, कशानेही तो आकडा वाढतो. म्हणून पन्नाशीनंतर नेहमीच्या ५०० ऐवजी वय गुणिले दहा अशी मर्यादा धरतात. या तपासणीचा खरा उपयोग उलटा आहे: संशय कमी असेल आणि आकडा मर्यादेच्या आत असेल तर गुठळी नाही असं समजून सीटी टाळता येतो. म्हणजे जिला धंदा म्हणताय, तीच तपासणी तुमचा सीटी वाचवते. संशय किती, हे आधी डॉक्टर मोजतात, वेल्स स्कोअरने. मोठ्या आईचे गुण बघा. पायात गुठळीची लक्षणं, ३. चार आठवड्यांच्या आत ऑपरेशन, दीड. ठोके शंभरच्या वर, दीड. झाले ६. चारच्या वर गेलं की डी-डायमरसाठी थांबायचं नाही, सरळ सीटी.

सीटीचं रेडिएशन एक्स-रेच्या कितीतरी पट आहे, हे खरं. ही सीटी अँजिओ काही मिलिसिव्हर्टची (हे रेडिएशन मोजायचं एकक) असते आणि छातीच्या एक्स-रेला एक दशांश मिलिसिव्हर्ट किंवा त्याहूनही कमी लागतं. पण जगात सरासरी माणसाला निसर्गातूनच वर्षाला २.४ मिलिसिव्हर्ट मिळतं, हे त्या मेसेजमध्ये कुठेच नाही. डायचंही तसंच. किडनी आधीच कमजोर असेल तर काळजी घ्यावी लागते, म्हणून तर आम्ही क्रिएटिनिन (किडनीची रक्ततपासणी), अ‍ॅलर्जी आणि मधुमेहाच्या गोळ्यांबद्दल आधी विचारतो. ज्याला डाय चालत नाही त्याच्यासाठी व्ही-क्यू आहे, पायाची डॉप्लर, म्हणजे शिरांची सोनोग्राफी, आहे. एकालाच सगळ्या तपासण्या लागत नाहीत.

उंदराच्या औषधाबद्दलही खोटं नाही. वॉरफरिन १९४८ मध्ये उंदरांसाठीच बाजारात आलं आणि १९५४ मध्ये माणसांसाठी मंजूर झालं. पण विष की औषध हे मात्रेवर ठरतं, म्हणून तर आयएनआर, म्हणजे रक्त किती पातळ झालंय, ते तपासत राहतात. आता रिव्हरोक्साबॅन, अ‍ॅपिक्सॅबॅनसारख्या गोळ्या आहेत, त्यांना ती तपासणीही लागत नाही. रक्तस्रावाचा धोका सगळ्यांनाच आहे, तो कुणी लपवत नाही.

औषध न घेतल्यास काय होतं, हे एकदा मोजलं गेलं आहे. बॅरिट आणि जॉर्डन या ब्रिस्टलच्या डॉक्टरांनी १९६० मध्ये लॅन्सेटमध्ये ते छापलं. फुफ्फुसात गुठळी झालेले ३५ रुग्ण. १९ जणांना रक्त पातळ करायचं औषध दिलं नाही: त्यातले ५ गुठळीने गेले आणि आणखी ५ जणांना पुन्हा गुठळी झाली. १६ जणांना हेपारिन आणि निकुमॅलोन दिलं: त्यातला एकही गुठळीने गेला नाही. यानंतर औषध न देणं त्या डॉक्टरांनाच पटेना, त्यांनी पुढच्या सगळ्या रुग्णांना औषध दिलं. हे निकुमॅलोन आपल्याकडे आजही अ‍ॅसिट्रोम नावाने मिळतं. रुग्ण थोडे होते, हे कबूल. पण १९ पैकी १० जणांवर ही वेळ आली, एवढं वाचल्यावर लसणाच्या काढ्यावर विसंबून माझ्या घरातलं माणूस मी ठेवणार नाही. आणि ज्यांच्या गोळ्या चालू आहेत त्यांनी वर लसणाचे अर्क घेतले तर रक्तस्राव वाढू शकतो.

आपल्या विदर्भात आणखी एक गोष्ट. सिकलसेलचे (तांबड्या पेशींचा आनुवंशिक आजार) रुग्ण इथे बरेच आहेत. त्यांच्यात रक्त साकळण्याची शक्यता मुळात जास्त, फुफ्फुसाच्या धमनीतला दाब वाढण्याचाही धोका. अशा मुलाची छाती दुखली आणि घरच्यांनी त्याला श्वास रोखायला लावून "ठीक आहे" म्हटलं तर? मेडिकल किंवा मेयो या नागपूरच्या सरकारी रुग्णालयांत लगेच न्यायची वेळ असते ती.

त्या रविवारी मोठ्या आईची डॉप्लर झाली, मग सीटी. स्कॅन माझ्या सहकाऱ्याने केला, मी मागे उभी होते. "श्वास रोखा," तो म्हणाला. तिने छान रोखला. उजव्या खालच्या भागाकडे जाणारी फांदी बंद होती आणि डावीकडे दोन लहान तुकडे. टू-डी इकोमध्ये, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, उजवा कप्पा थोडाच ताणलेला होता, म्हणून गुठळी विरघळवणारं मोठं इंजेक्शन लागलं नाही, आधी हेपारिन आणि नंतर गोळ्यांवर भागलं. पाचव्या दिवशी ती घरी आली. तो मेसेज तिने स्वतःच्या हाताने पुढे तीन ग्रुपवर पाठवला होता, म्हणून मला म्हणाली, "तू लिहून दे, त्याच तिन्ही ग्रुपवर टाकते मी."

कुणाची एक पोटरी सुजली असेल आणि धाप लागत असेल तर चोळू नका, चालवत नेऊ नका, १०८ लावा आणि ऑपरेशनची तारीख सांगा. गोळ्या सुरू झाल्यावर बरं वाटलं म्हणून मनाने बंद करू नका. काही जणांच्या धमनीत जुनी गुठळी चिवट होऊन बसते आणि दाब वाढत जातो. तीन महिने औषध घेऊनही दम लागत असेल तर व्ही-क्यू करतात, कारण अशा जुन्या गुठळ्या सीटीत निसटू शकतात. त्यात आढळलं तर उजव्या हृदयात कॅथेटर घालून दाब मोजतात. मोठ्या आईचे तीन महिने ऑगस्टमध्ये भरतात. तेव्हा तिला घेऊन मी जिन्याने दोन मजले चढणार आहे, सोबत मोजत, ती कुठे थांबते ते बघत.